मूकपटातील स्त्री आणि आमच्या मुली

घोटी हे नाव नकाशावर मोठ्या अक्षरांत छापले जात नाही. मुंबईहून नाशिककडे निघालेली आगगाडी थळ घाट चढून इगतपुरीस विसावते आणि तेथून पुढचे स्टेशन म्हणजे आमचे घोटी. एका अंगास कळसूबाईचा डोंगर, दुसऱ्या अंगास वैतरणेच्या बाजूने त्र्यंबकेश्वरास जाणारा रस्ता, भोवताली भाताची खाचरे आणि गावात भाताच्या गिरण्या, एवढीच आमची ओळख. तथापि आमच्या विद्यार्थ्यांस आम्ही नेहमी सांगत असतो की, भारतीय चित्रपटाचा इतिहास आपल्या दारावरून गेलेला आहे. दादासाहेब फाळके ह्यांचा जन्म १८७० साली त्र्यंबकेश्वरी झाला. त्यांचा 'राजा हरिश्चंद्र' हा मूकपट ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन चित्रगृहात लोकांपुढे आला आणि त्याच वर्षी त्यांनी आपला कारखाना मुंबईहून नाशिकास हलविला. तो कॅमेरा, त्या पेट्या, ते नट आगगाडीने आले असतील तर ते घोटीवरूनच गेले असले पाहिजेत.

आम्हा ख्रिस्ती वाचकांस ह्या इतिहासात आणखी एक आपुलकीचा धागा सापडतो. १९१०-११ च्या सुमारास मुंबईत फाळके ह्यांनी प्रभू येशूच्या चरित्रावरील एक परदेशी मूकपट पाहिला. तो पाहत असता आपल्या मनश्चक्षूंपुढे कृष्ण, राम, गोकुळ आणि अयोध्या उभी राहिली, असे त्यांनी पुढे स्वतःच लिहून ठेविले आहे. पडद्यावर ख्रिस्त पाहावा आणि अंतःकरणात आपल्या देशाची कथा जागी व्हावी, ह्यात आम्हांस काहीही वावगे वाटत नाही. दिव्याने दिवा लागतो, तो असाच.

त्या काळी मूकपटांच्या कलेत फ्रान्स देश अग्रेसर होता आणि तेथे एक गोष्ट विशेष होती. गोमों कंपनीत चिटणिसाचे काम करणाऱ्या आलिस गी नावाच्या तरुणीने १८९६ सालापासून स्वतः चित्रपट काढावयास आरंभ केला, आणि १९०६ साली तिने ख्रिस्तचरित्रही पडद्यावर आणिले. पुढे १९२३ साली तेथे दोन मूकपट निघाले. ज्येर्मेन द्युलाक ह्या बाईंनी 'हसतमुख मादाम बदे' हा चित्रपट काढला. त्यात एका लहान शहरातील कापडव्यापाऱ्याची पत्नी आहे. तिला पियानो वाजविण्याची आवड, तर नवरा पियानोला कुलूप लावून किल्ली खिशात घालणारा. नवऱ्याला रिकामे पिस्तूल कपाळास लावून थट्टा करण्याची खोड असते. एके दिवशी ती गुपचूप त्यात गोळ्या भरते आणि मग पश्चात्तापाने तळमळते. अनर्थ थोडक्यात टळतो. नवऱ्याचा समज होतो की बाई जिवावर उदार झाली होती. तो तिला कवटाळतो आणि संसार पूर्ववत चालू राहतो. त्याच वर्षीच्या झां एप्स्तँ ह्यांच्या 'एकनिष्ठ हृदय' ह्या चित्रपटात मार्सेय बंदरावरील एका गुत्त्यात राबणारी अनाथ मुलगी आहे. तिला आसरा देणारेच तिला एका गुंडाच्या हवाली करू पाहतात आणि तिचे प्रेम मात्र गोदीतील एका कामगारावर असते. एक मध्यम वर्गातील पत्नी, दुसरी दरिद्री पोरकी पोर, परंतु दोघींची व्यथा एकच: आपल्या आयुष्याचा निर्णय आपण घ्यावयाचा की दुसऱ्याने?

आता वाचक विचारतील की, त्याच काळी आपल्याकडे असा चित्रपट निघाला होता काय? आमचे उत्तर असे की, नाशिकास जो मूकपट निघाला त्याची कथा पौराणिक होती. तिच्यात ना वर्गभेदाचा प्रश्न, ना तरुण स्त्रीच्या स्वातंत्र्याचा. परंतु तो काढताना कॅमेऱ्याच्या मागे जे घडले, ते त्या दोन्ही फ्रेंच कथांहून अधिक विचार करावयास लावणारे होते. फ्रान्सात जो प्रश्न पडद्यावर विचारला गेला, तो आपल्याकडे जिवंत माणसांनी आपल्या अंगावर घेतला.

'राजा हरिश्चंद्र' काढताना फाळके ह्यांस सर्वांत मोठी अडचण पडली ती तारामतीची. घरंदाज स्त्रीने लोकांपुढे तोंड रंगवावे ही गोष्ट त्या काळी कल्पनेतही बसत नव्हती. जाहिराती दिल्या, विनवण्या केल्या, नायकिणींच्या वस्तीतही विचारणा केली, पण तेथूनही नकारच आला. ज्या समाजाने त्या स्त्रियांस आपल्या पंक्तीतून उठविले होते, त्यांनाही हा धंदा आपल्याहून हलका वाटावा, ही विचारात पाडणारी गोष्ट आहे. अखेर मुंबईच्या एका उपाहारगृहात काम करणारे अण्णा साळुंके ह्यांस लुगडे नेसवून तारामती करण्यात आले. पुढे १९१७ सालच्या 'लंकादहन' चित्रपटात ह्याच साळुंक्यांनी राम आणि सीता ह्या दोन्ही भूमिका केल्या. साळुंके गुणी होते ह्यात शंका नाही. परंतु हेही ध्यानात घ्यावे की, जे काम प्रतिष्ठित स्त्रीस कमीपणाचे वाटले ते एका गरीब माणसाच्या वाट्यास आले. उच्चनीचतेचा न्याय असाच चालतो. वरच्याने नाकारलेले ओझे तो खालच्याच्या पाठीवर ठेवतो.

'राजा हरिश्चंद्रा'चे जे थोडे भाग आज उरले आहेत ते आम्ही आमच्या नववीच्या वर्गास दाखविले. त्यात राणी आणि तिच्या सख्या कारंज्याच्या हौदात जलक्रीडा करीत असल्याचा प्रसंग आहे. सर्व सख्या म्हणजे ओल्या लुगड्यांतील पुरुषच! मुले पोट धरधरून हसली. त्या हास्याचा भर ओसरल्यावर मागच्या बाकावरील एका मुलीने विचारले, "गुरुजी, मग ह्या सगळ्यात बाई कुठं आहे?"

प्रश्न साधा होता, परंतु त्याचे उत्तर देण्यास आम्हांस पुढील दोन तास लागले.

पहिली बाई चित्रात नव्हती, ती चित्राच्या मागे होती. सरस्वतीबाई फाळके ह्यांचे नाव आमच्या पाठ्यपुस्तकांत अभावानेच येते. पतीने ह्या उद्योगासाठी विम्याच्या पॉलिसी गहाण टाकल्या, तेव्हा त्या माउलीने आपले दागिने पुढे केले. परदेशातून येणाऱ्या कोऱ्या फिल्मला कडेची भोके नसत. ती अंधारात एकेक करून पाडावी लागत, आणि ते काम त्या करीत. फिल्म धुणे, उन्हात पांढऱ्या चादरी धरून नटांच्या तोंडावर उजेड पाडणे आणि ह्या सर्वांवर कंपनीतील साठसत्तर माणसांचा स्वयंपाक, ही त्यांची दिनचर्या. तारामतीचे काम तूच कर, असे पतीने सुचविले असता, मग हे सर्व कोण करील, असे त्यांनी म्हटल्याचे सांगतात. आजच्या भाषेत ज्यांस तंत्रज्ञ म्हणतात त्या पंक्तीत सरस्वतीबाईंचे पान पहिल्या काही पानांत मांडले पाहिजे. परंतु पत्नीच्या श्रमाला हजेरीपट नसतो आणि म्हणून इतिहासातही तिची नोंद उशिरा होते.

दुसरी बाई मात्र खरोखर चित्रात आली. नाशिकास आल्यावर १९१३ सालीच फाळके ह्यांनी 'मोहिनी भस्मासुर' काढला. त्यात पार्वतीचे काम दुर्गाबाई कामत ह्यांनी केले आणि मोहिनीचे काम त्यांची कन्या कमला हिने केले. कमलेचे वय त्या वेळी तेराच्या आसपास होते. भारतीय चित्रपटातील पहिल्या नटी म्हणून इतिहास ह्या मायलेकींकडे बोट दाखवितो. दुर्गाबाई ब्राह्मण घराण्यातील. पतीपासून विभक्त झाल्यावर लहान मुलीस घेऊन जगावयाचे कसे, हा प्रश्न त्यांच्यापुढे उभा राहिला. विसाव्या शतकाच्या आरंभी अशा स्त्रीपुढे वाटा तरी किती होत्या? दुसऱ्याच्या घरी धुणीभांडी, नातेवाइकांच्या ओसरीवरील उष्टे अन्न, किंवा त्याहूनही वाईट. त्यांनी नाटकमंडळीची वाट धरली. जातीने त्यांस वाळीत टाकले. मंडळी गावोगाव फिरे, म्हणून मुलीस शाळा मिळाली नाही. जे शिक्षण दिले ते आईनेच दिले.

ह्या कथेत आमचे लक्ष एका गोष्टीवर पुनःपुन्हा खिळते. कमला कॅमेऱ्यापुढे एकटी उभी राहिली नाही. त्याच चित्रात तिची आई पार्वती होऊन उभी होती. समाज लेकीस जे काही बोलणार होता ते आईने आधीच आपल्या अंगावर घेतले होते. तरुण मुलीचे स्वातंत्र्य म्हणून आपण ज्याचा गौरव करतो, त्याच्यामागे बहुधा कोणीतरी मोठे माणूस आपली अब्रू पणास लावून उभे असते. फाळके ह्यांनाही हे उमगले असावे. १९१९ सालच्या 'कालियामर्दन' चित्रपटात त्यांनी बाळकृष्ण म्हणून दुसऱ्याचे मूल उभे केले नाही, तर स्वतःची कन्या मंदाकिनी हिलाच उभे केले.

पुढे कमलाबाईंचा विवाह नट रघुनाथराव गोखले ह्यांच्याशी झाला. ऐन तारुण्यात त्यांस वैधव्य आले. तीन मुलगे पदरात होते. त्यांनी रंगभूमीवरच कष्ट करून मुलांस वाढविले. त्यांचे पुत्र चंद्रकांत गोखले हे मराठी रंगभूमीचे नामवंत नट झाले आणि नातू विक्रम गोखले ह्यांस 'अनुमती' चित्रपटातील भूमिकेबद्दल राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. ज्या घराण्यातील पहिल्या स्त्रीस वाळीत टाकले, त्याच घराण्यातील चौथ्या पिढीस समाजाने डोक्यावर घेतले. समाजाचे मन बदलते, हे खरे. परंतु ते बदलेपर्यंतचा खर्च कोणी सोसला, हे विसरू नये.

आणि आता सर्वांत खेदाची गोष्ट. 'मोहिनी भस्मासुर' आज उपलब्ध नाही. पुरुषाने साकारलेली तारामती आपण आजही पाहू शकतो, परंतु खऱ्या मुलीने साकारलेली मोहिनी काळाने गिळून टाकली. ज्या चित्रासाठी दोघी जणींनी लोकापवाद पत्करला त्याची एक हातभर फिल्मही आमच्या विद्यार्थिनींस दाखविता येत नाही. म्हणून वर्गात त्या मुलीने विचारलेल्या प्रश्नास आम्हांस चित्राने नव्हे, तर शब्दांनी उत्तर द्यावे लागले.

ह्या ठिकाणी आम्हांस नाशिक जिल्ह्यातीलच आणखी एका बाईंचे स्मरण होते. लक्ष्मीबाई टिळक ह्यांचा जन्म १८६८ साली नाशिकजवळील जलालपूर येथे झाला. १८९५ साली पती नारायण वामन टिळक ख्रिस्ती झाले, तेव्हा त्या कित्येक वर्षे त्यांच्यापासून दूर राहिल्या. पती म्हणाला म्हणून त्यांनी धर्म बदलला नाही. स्वतःच्या मनाची साक्ष पटल्यावरच त्या ख्रिस्तचरणी आल्या. शाळेचे तोंड न पाहिलेल्या ह्या बाईंनी 'स्मृतिचित्रे' लिहून मराठी भाषेस अलंकार चढविला. दुर्गाबाई पतीपासून दूर झाल्या आणि लक्ष्मीबाई पतीजवळ परत आल्या. वरवर पाहता मार्ग उलट दिसतात. परंतु दोघींनीही निर्णय स्वतः घेतला, आणि तो निभावला. स्वातंत्र्य म्हणजे घर सोडणे नव्हे आणि घरात राहणेही नव्हे. आपल्या विवेकास साक्ष ठेवून निवड करणे व तिचे ओझे स्वतः वाहणे, ह्यास आम्ही स्वातंत्र्य म्हणतो.

मूकपटांचे युग सरले आणि १९३२ साली प्रभात कंपनीचा 'अयोध्येचा राजा' हा मराठी बोलपट आला. कथा पुन्हा हरिश्चंद्राचीच. मात्र तारामती होत्या दुर्गा खोटे, सुस्थितीतील घराण्यात जन्मलेल्या व कॉलेजात शिकलेल्या. एकोणीस वर्षांत तारामतीचे लुगडे उपाहारगृहातील नोकराच्या अंगावरून सुशिक्षित स्त्रीच्या अंगावर आले. १९३७ सालच्या 'कुंकू' चित्रपटात शांता आपटे ह्यांनी नीरा रंगविली. वृद्ध बिजवराशी फसवून लग्न लावून दिलेली ही मुलगी त्याची पत्नी म्हणून राहण्याचे साफ नाकारते. तिच्या तोंडी लाँगफेलो ह्या अमेरिकन कवीचे इंग्रजी गीतही आहे. आणि ह्याच शांताबाईंनी १९३९ साली कंपनीशी झालेल्या करारावरून वाद होताच स्टुडिओच्या दारात उपोषण केले. पुढच्याच वर्षी 'जाऊ मी सिनेमांत?' हे पुस्तक लिहून, झगमगाटामागे माणसाच्या श्रमाची काय किंमत होते तेही सांगितले. पडद्यावरील नीरेने नवऱ्यास जे सुनावले त्याहून अवघड गोष्ट पडद्याबाहेरील शांताबाईंनी मालकांस सुनावली.

हे सर्व आम्ही इतक्या विस्ताराने का लिहीत आहो, ते आता सांगितले पाहिजे. गतवर्षीच्या संमेलनासाठी एक नाटक बसविण्याचे ठरले. त्यातील मुख्य स्त्रीभूमिकेस आमच्या दृष्टीपुढे एकच विद्यार्थिनी होती. वडील गिरणीत पोती वाहतात, आई आवणीच्या दिवसांत दुसऱ्याच्या शेतात भात लावते. मुलीचा आवाज खणखणीत, पाठांतर चोख. ती तालमीस दोन दिवस आली व तिसऱ्या दिवशी येईनाशी झाली. आम्ही घरी गेलो. वडील काही बोलले नाहीत. आईने चहा ठेवला आणि चुलीकडे तोंड करूनच म्हणाली, "गुरुजी, पोरगी नाटकात बोलंल ती दोन घटका. गाव बोलंल ते जन्मभर. तिला बघाया पाहुणे यायचे हायेत."

ह्या वाक्यास सुभाषिताने उत्तर देता येत नव्हते. ज्यांच्या मुली मोटारीतून शाळेत जातात त्यांच्या मुली नाटकात नाचल्या तर तिला कला म्हणतात. पोती वाहणाऱ्याची मुलगी रंगमंचावर उभी राहिली की तिच्या चारित्र्याची चौकशी होते. १९१३ साली हा भेद होता आणि आमच्या डोळ्यांदेखत अद्यापि आहे. फरक इतकाच की, त्या वेळी वरच्या वर्गाच्या स्त्रियांस बंदी होती. आज ती बंदी त्यांच्यावरून उठली आहे आणि गरिबाच्या दारात येऊन बसली आहे. आम्ही त्या माउलीस नाटकाचे महत्त्व सांगितले नाही. आम्ही दुर्गाबाईंची व कमलेची गोष्ट सांगितली. ती ऐकत होती. शेवटी तिने एकच विचारले, "आई बी होती व्हय संगं?" आम्ही म्हणालो, "होती. त्याच चित्रात होती."

दोन दिवसांनी सायंकाळच्या तालमीस मुलगी आली आणि तिच्या मागोमाग आईही आली. त्या दिवसापासून शेवटच्या तालमीपर्यंत ती माउली शेतातून परस्पर शाळेत येई व भिंतीस टेकून बसे. पुढे पुढे पात्रांची लुगडी चापूनचोपून नेसविण्याचे काम तिने आपणहून अंगावर घेतले. नाटक झाले. गाव बोलले की नाही? थोडे बोलले. पण जे बोलायचे ते त्यास आईच्या तोंडावर बोलावे लागले, आणि तेवढे धैर्य फार थोड्यांस होते. पाहुण्यांचे काय झाले, असे वाचक विचारतील. ते आले, आणि वडिलांनी त्यांस सांगितले की मुलगी बारावी झाल्याशिवाय बोलणे नको. पुढे काय होईल ते आम्ही सांगू शकत नाही. दारिद्र्याचा रेटा मोठा असतो आणि एका नाटकाने तो थांबत नाही. परंतु त्या घरात एक प्रश्न मुलीस वगळून सुटत होता, तो तिला समोर बसवून विचारला गेला, एवढे निश्चित.

आमच्या विद्यार्थिनींस आमचे सांगणे थोडे आहे. तुम्ही सर्वांनी नटी व्हावे, असे आम्ही म्हणत नाही. कोणी परिचारिका होईल, कोणी शिक्षिका, कोणी भाताची गिरणी चालवील, कोणी गृहिणी होईल. मत्तयाच्या शुभवर्तमानातील तो दास आठवा, ज्याने भीतीपोटी धन्याचे धन जमिनीत पुरून ठेविले. धन्याने त्यास चोर म्हटले नाही. दोष दिला तो न वापरल्याबद्दल. देवाने दिलेला गुण लोकांच्या भयाने पुरून ठेवू नका, आणि तो वापरताना सरस्वतीबाईंसारखे श्रम करण्यास लाजू नका.

आणि पालकांस विनंती अशी की, मुलगी एखादे नवे पाऊल टाकू लागली तर तिला दाराशी अडवू नका व तिला एकटीही सोडू नका. तिच्याबरोबर चार पावले चाला. मोहिनीचे चित्र नष्ट झाले असले तरी त्या चित्रात आई लेकीबरोबर उभी होती, एवढी नोंद इतिहासात राहिली आहे, आणि आमच्या घोटीसारख्या गावास तेवढी पुरेशी आहे.